वाणात आलेलं झाड

आमच्या घरी एक झाड होतं आणि ते वेळ खायचं. हे मी आजवर ज्यांना ज्यांना सांगितलं, त्यांनी आधी माझ्याकडे आणि मग घड्याळाकडे पाहिलं. म्हणून आता सांगायचं सोडून लिहायला घेतलं आहे. लिहिताना निदान कुणी तोंडावर हसत नाही.

मी तेव्हा सहावीत होते. बाबा उज्जैन स्टेशनात तिकीट खिडकीवर होते आणि आम्ही माधव नगरजवळ रेल्वेच्या क्वार्टरमध्ये राहायचो. दोन खोल्या, स्वयंपाकघर, मागे फरशीचं अंगण, आणि अंगणाच्या पार दुसऱ्या टोकाला न्हाणीघर. ज्या कुण्या साहेबाने नकाशा काढला त्याने न्हाणीघर इतकं लांब का नेलं ते त्यालाच ठाऊक, पण पुढे जे झालं ते त्या अंगणामुळेच झालं.

ते दिवस असे होते की रोज काहीतरी नवीन यायचं. टॉवर चौकात पिवळ्या पाट्यांचे एसटीडी बूथ आले, गल्लीवरून केबलची काळी वायर गेली, आणि कॉलनी-कॉलनीत इंग्रजी शाळा निघाल्या. तशीच एक आमच्या मागच्या रस्त्यावर एका बंगल्यात निघाली. आई चौकशीला गेली तेव्हा तिथल्या मोठ्या मॅडम म्हणाल्या, "बी.ए. कर लीजिए, जुलाई में रख लेंगे." आईचं बी.ए. दुसऱ्या वर्षानंतर लग्नामुळे सुटलं होतं. चौदा वर्षांनी तिने शेवटच्या वर्षाचा प्रायव्हेट फॉर्म भरला. नोकरी घराला हातभार म्हणून हवी असं ती सगळ्यांना सांगायची. मला मात्र माहीत होतं की तिला सकाळी कडक साडी नेसून, खांद्याला पर्स अडकवून, आपल्या हाताने दाराला कुलूप लावून बाहेर पडायचं होतं.

त्याच संक्रांतीला झाड आलं.

आमच्या शेजारी बँकेतल्या एका ऑफिसरांचं बिऱ्हाड होतं. त्यांची बदली नागपूरला झाली होती, सामान बांधून झालं होतं, तरी काकूंनी हळदीकुंकू मात्र चुकवलं नाही. तोवर वाणात स्टीलच्या वाट्या जाऊन प्लास्टिकचे डबे आले होते. सगळ्या बायकांना गुलाबी डबे मिळाले. आईच्या पदरात मात्र काकूंनी एक कुंडी ठेवली. दोन जाड पानं, पानफुटीसारखी, कडेला बारीक दात. "ही खास तुम्हाला," त्या म्हणाल्या. आणि निघताना दारात म्हणाल्या, "उज्जैनमध्ये अकरा वर्षं कशी गेली, काही कळलंच नाही हो." बदलीवर जाणारं प्रत्येक माणूस हेच म्हणतं, त्यामुळे कुणी लक्ष दिलं नाही.

आईने कुंडी अंगणात मधोमध, सावलीच्या दगडाजवळ ठेवली. दुपारी घर शांत असायचं. जेवणं आटोपली की ती त्या दगडावर इतिहासाचं पुस्तक घेऊन बसायची. पहिल्याच आठवड्यात मी शाळेतून आले तर ती तशीच बसलेली, पुस्तक मांडीवर, आणि गॅसवर दुधाचं पातेलं जळून काळं झालेलं.

"तू आज लवकर कशी आलीस?" तिने मला विचारलं.

साडेचार वाजले होते. ती एकला बसली होती. पुस्तकाचं एक पानही उलटलं नव्हतं, आणि झोप लागली म्हणावं तर डोळे टक्क उघडे. दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी कुंडीत एक नवं पान आलं. आईला वाटलं आपल्याला काही आजार झाला आहे. मला वाटलं आई अभ्यासाची टंगळमंगळ करते आहे, आणि मी ते बोलूनही दाखवलं. मी लहानपणी फार उद्धट होते, आताही फारसा फरक नाही.

बाबांनी हे प्रकरण खात्याच्या पद्धतीने हातात घेतलं. गाडी लेट म्हणजे कुठं लेट, किती लेट, हे नोंदवल्याशिवाय त्यांना चैन पडत नसे. रविवारी त्यांनी गजराचं घड्याळ कुंडीपाशी ठेवलं. घड्याळ अगदी बरोबर चाललं. मग ते स्वतः दगडावर बसले आणि मला स्वयंपाकघराच्या दारात उभं केलं. पंधरा मिनिटांनी मी हाका मारायला लागले. ते ऐकेनात. शेवटी धावत जाऊन खांदा हलवला, तेव्हा म्हणाले, "हां, चल, आता चालू कर."

"बाबा, पंधरा मिनिटं झाली पण."

त्यांनी मनगटावरचं घड्याळ कानाला लावलं, मग गजराचं पाहिलं, आणि त्यांचा चेहरा उतरला. "ही कुंडी घड्याळाला हात नाही लावून राहिली," ते म्हणाले. "माणसालाच लावते."

त्या दिवसापासून आम्ही त्याला खादाड म्हणायला लागलो. आधी गमतीने म्हणायचो. बाबा ड्यूटीवरून आले की विचारायचे, "आज तुझी आई किती लेट?" आणि मी सांगायचे, "एक तास वीस मिनिटं." मग मांजरीचं पिल्लू त्याच्याखाली जाऊन बसलं आणि आमची गंमत संपली. अंगणात मांजरीने चार पिल्लं घातली होती. त्यातलं एक सोमवारी कुंडीच्या सावलीत शिरलं ते बुधवारी उठलं. आमच्या लक्षातच आलं नाही, कारण पानं तोवर ताटाएवढी झाली होती. ते बाहेर आलं तेव्हा मांजरीने बाकीच्या तिघांना उचलून दुसरीकडे नेलं होतं. ते अंगणभर ओरडत फिरत होतं. त्याला बशीत दूध देताना मला पहिल्यांदा भीती वाटली.

"फेकून दे ना ते," मी आईला म्हटलं.

"वाण आहे ते. वाण फेकत नाहीत."

"मग पुढच्या संक्रांतीला दे कुणाला तरी. काकूंनी दिलंच ना तुला."

आईने माझ्याकडे रोखून पाहिलं. "हे मी कुणाच्या पदरात घालू? सांग, कुणाच्या?"

बाहेरच्या माणसाला हे हास्यास्पद वाटेल. घर लुटलं जातंय आणि ही बाई हळदीकुंकवाचा नियम पाळते आहे. पण आमच्याकडच्या बायकांचं असंच होतं. महाराष्ट्र सुटून तीन पिढ्या झाल्या होत्या, बोलण्यात अर्धी हिंदी शिरली होती, आणि म्हणूनच जे काही चार नियम सोबत आले होते ते त्या घट्ट धरून होत्या. पुण्यामुंबईची एखादी बाई ती कुंडी कधीच गटारात टाकून मोकळी झाली असती. बाबांनी एकदा कुंडी भिंतीपलीकडे नेऊन ठेवायचा प्रयत्न केला, पण उचलायला वाकले ते दीड तास वाकलेलेच राहिले. पुढचे चार दिवस ते कंबर धरून तिकिटं देत होते.

अभ्यास आई घरात करायला लागली. पण न्हाणीघर अंगणापलीकडे होतं. दिवसातून चार वेळा जाणं-येणं, आणि प्रत्येक वेळी वीस मिनिटं, अर्धा तास. खादाड वाढत होतं, त्याचा हात लांब पोचायला लागला होता. मार्चपर्यंत आईचा निम्मा दिवस त्याच्या पोटात जात होता. ती स्वयंपाक करताना पाठ करायची, भाजी निवडताना पाठ करायची, आणि एक दिवस पोळ्या लाटता लाटता रडायला लागली. "होणार नाही गं माझ्याकडून," म्हणाली. मी तिला असं रडताना कधी पाहिलं नव्हतं. मला त्या झाडाचा इतका राग आला की मी त्याला लांबून दगड मारला. लागला नाही.

मग संकष्टी आली.

इथं आमच्या घरातल्या कॅलेंडरबद्दल सांगायला हवं. ते मुंबईचं होतं. मामा दर डिसेंबरला गुंडाळी करून पोस्टाने पाठवायचा. त्यातली चंद्रोदयाची वेळ मुंबईची असते. उज्जैन मुंबईच्या पूर्वेला, त्यामुळे आमच्याकडे चंद्र दहा-बारा मिनिटं आधीच वर येतो. पण आई छापलेल्या वेळेशिवाय उपास सोडत नसे. दर महिन्याला आमच्या घरी हा देखावा असायचा: चंद्र शेजाऱ्यांच्या पाण्याच्या टाकीवर चांगला हातभर चढलेला, ताटात मोदक, आणि आई हातात अर्घ्याची पळी घेऊन अंगणात उभी.

"अगं, तो बघ समोर!" बाबा ओरडायचे. "त्याला काय तुझ्या भावाच्या कॅलेंडरची परमिशन लागते?"

"नऊ वाजून चार मिनिटं लिहिलंय. नऊ वाजून चार मिनिटांनीच."

त्या संकष्टीलाही ती तशीच उभी राहिली, खादाडापासून दोन हातांवर. आम्ही दारात श्वास रोखून बसलो होतो. आता ही इथेच खांबासारखी राहणार असं वाटलं. पण नऊ वाजून चार मिनिटांनी तिने अर्घ्य दिलं, नमस्कार केला आणि आत येऊन पानावर बसली. आणि पुढचे सहा दिवस खादाडाने कुणाचं एक मिनिटही घेतलं नाही. नवं पान नाही, काही नाही. आई त्या सहा दिवसांत मराठीचं अर्धं पुस्तक वाचून मोकळी झाली.

आम्ही तिला खोदून खोदून विचारलं की तू केलंस काय. ती म्हणाली, "काही नाही गं. भूक लागली होती, चंद्र दिसत होता, मनात आलं की ही दहा मिनिटं तशीही माझी नाहीत. त्याला म्हटलं, घे बाबा."

बाबांनी लगेच योजना आखली की रोज दहा मिनिटं द्यायची. आई रोज जाऊन उभी राहायची, "घे" म्हणायची, आणि तासाभराने आम्ही तिला ओढून आणायचो. जमलं नाही. ती मनात मिनिटं मोजत असायची, आणि खादाडाला ते कळायचं. त्याचा नियम मला जो समजला तो असा: आपल्याला भूक लागलेली असताना आपल्या पुढ्यातला घास उचलून दिला तर ते तृप्त व्हायचं. जड झालेला वेळ त्याच्या पुढ्यात टाकला तर ते चिडून सगळंच घ्यायचं. अकरा वर्षांच्या मुलीला याहून जास्त काही कळलं नव्हतं आणि आजही कळलेलं नाही.

परीक्षा एप्रिलमध्ये सुरू झाली. पेपर सकाळी सात ते दहा. पुढची संकष्टी सगळे पेपर संपल्यावर येत होती. पहिल्या पेपरला आई पाचला अंघोळीला गेली आणि न्हाणीघरातून निघून स्वयंपाकघराच्या दारात पोचायला तिला पाऊण तास लागला. सेंटरवर दार बंद होता होता ती आत शिरली. एक अख्खा प्रश्न राहिला. घरी आल्यावर ती नुसती पंख्याखाली बसून राहिली. बाकीचे पेपर कसेबसे झाले. शेवटचा इतिहासाचा, सगळ्यात कठीण. त्यात घसरली तर नापास, नापास झाली तर जुलै गेला, आणि शाळेच्या मॅडम काही वर्षभर थांबणार नव्हत्या.

त्या इतिहासाच्या पेपरच्या दिवशीच मला सिग्नलच्या केबिनमध्ये जायचं होतं. स्टेशनच्या टोकाला एक उंच लाकडी केबिन होती, चहूबाजूंनी काचा, आत दांड्यांची रांग. तिथं बसून गाड्या येता-जाताना पाहायचा माझा दोन वर्षांचा हट्ट होता. तिथले काका बाबांचे दोस्त, आणि त्या सकाळी त्यांची रिटायरमेंटच्या आधीची शेवटची ड्यूटी होती. "बिटिया को सुबह ले आना," त्यांनी सांगितलं होतं. नंतर कुणी आम्हाला वर चढू दिलं नसतं. बाबा पहाटेच ड्यूटीवर गेले होते. आई मला टेम्पोने स्टेशनवर सोडून पुढे सेंटरला जाणार होती. मी आदल्या दिवशीच फ्रॉक इस्त्री करून ठेवला होता.

पावणेपाचला मला जाग आली. आई स्वयंपाकघरात घाईघाईने वही चाळत होती, अजून अंघोळ व्हायची होती. मी खिडकीतून अंगणाकडे पाहिलं. खादाडाची पानं न्हाणीघराच्या वाटेवर आली होती.

फार विचार केला असं काही नाही. मला केबिनमध्ये जायचं होतं, दोन वर्षांपासून जायचं होतं, आणि म्हणूनच मला वाटलं की हे चालेल. मी इस्त्रीचा फ्रॉक घातला, कारण जायचं नाही असं ठरवून जुना फ्रॉक घातला तर ते खोटं झालं असतं. पुढच्या दाराने निघून वळसा घालून अंगणात आले, दगडावर बसले आणि म्हटलं, "घे. सगळी घे."

त्यानंतर माझ्या खांद्यावर आईचा हात होता. तिच्या बोटांना निळी शाई लागली होती आणि ऊन अंगणभर पसरलं होतं. पावणेअकरा वाजले होते.

"पेपर?" मी विचारलं.

"सगळे प्रश्न लिहिले," आई म्हणाली आणि मला इतकं घट्ट धरलं की माझ्या फ्रॉकला शाई लागली.

बाबा दुपारी आले ते माझ्यावर चिडून. काका केबिनमध्ये सारखी वाट बघत होते म्हणे. मी झोप लागली असं सांगितलं आणि बोलणी खाल्ली. त्याच आठवड्यात खादाडाला एक फूल आलं, फिकट, रुपयाच्या नाण्याएवढं. ते गळलं आणि झाड बुंध्यापासून वाळत गेलं. बांबूचं असं होतं म्हणतात, की फुलला की संपला. बाबांच्या मते त्याला अपचन झालं. आईने वाळलेलं झाड फडक्यात बांधलं, त्यावर हळदकुंकू वाहिलं आणि आम्ही तिघांनी जाऊन ते क्षिप्रेत सोडलं. नदीने आजवर काही तक्रार केलेली नाही.

आई सेकंड डिव्हिजनमध्ये पास झाली. जुलैमध्ये कडक साडी नेसून, पर्स अडकवून, दाराला स्वतः कुलूप लावून ती बाहेर पडली, आणि चावी पर्समध्ये टाकताना तिने मागे वळून माझ्याकडे जे पाहिलं ते मी विसरणार नाही. पुढच्या संक्रांतीला तिने वाण काय दिलं असेल? विद्यापीठाच्या प्रायव्हेट परीक्षेचे कोरे फॉर्म. एकेक फॉर्म गुंडाळून, लाल दोऱ्याने बांधून, वर हलवा. बायका आधी हसल्या. पण वाण होतं, फेकता येत नव्हतं. त्यातल्या दोघींनी फॉर्म भरले. एक आमच्याच लाइनीतल्या गार्डसाहेबांच्या बायको होत्या, त्या पुढे आईच्याच शाळेत आल्या.

आई आता थकली आहे. पंचवीस वर्षं शिकवून निवृत्त झाली. मागच्या उन्हाळ्यात मी उज्जैनला गेले होते तेव्हा दुपारी वाटाणे सोलता सोलता ती अचानक म्हणाली, "एक सांगायचं राहिलंय तुला."

"काय?"

"त्या दिवशी मी तुला पाहिलं होतं. अंघोळीला जाताना. तू दगडावर बसलेली, इस्त्रीच्या फ्रॉकमध्ये. डोळे उघडे." तिचे हात थांबले. "मला कळलं तू काय करून राहिली आहेस ते. नुसता खांदा हलवला असता तर उठली असतीस. ते पिल्लू दोन दिवस बसलं होतं, हेही मला आठवत होतं. तरी मी तुला उठवलं नाही. अंघोळ केली आणि पेपरला गेले."

इतकी वर्षं मी समजत होते की पेपरच्या घाईत तिला मी दिसलेच नाही, आल्यावरच तिला कळलं, आणि तिला मात्र ते पहाटेपासूनच ठाऊक होतं. ती कितीतरी वर्षं ते पोटात घेऊन मुलांना इतिहास शिकवत होती.

"रागवलीस?" तिने विचारलं. तिचा आवाज अगदी बारीक झाला होता.

"आई, तू मला उठवलं असतंस ना," मी म्हटलं, "तर मात्र मी तुला कधी माफ केलं नसतं."

ती रडली, मीही रडले, वाटाणे तसेच राहिले. मग डोळे पुसून ती म्हणाली, "तुझी ती सकाळ कशी होती, सांगू?" आणि तिने मला सगळी सांगितली. टेम्पोत तिच्या शेजारी दुधाच्या कॅना होत्या. टॉवर चौकात पोह्यांची कढई नुकतीच चढली होती आणि तिला त्या वासाने भूक लागली, पण ती थांबली नाही. सेंटरवर ती पंचवीस मिनिटं आधी पोचली आणि लिंबाच्या झाडाखाली उभी राहिली, आणि झाडाखाली उभी आहे हे लक्षात येताच दचकून उन्हात सरकली. पहिला प्रश्न मराठ्यांवर होता. तिसरा तिला येत नव्हता, पण हातात इतका वेळ होता की ती बसून राहिली आणि तो आठवला. साडेनऊला तिचं सगळं लिहून झालं. उरलेला अर्धा तास ती पेपर पुन्हा पुन्हा वाचत होती, कारण आपल्याजवळ वेळ उरला आहे यावर तिचा विश्वासच बसत नव्हता.

त्या सकाळी मी कुठं होते असं मला कुणी विचारलं, तर आता मी हेच सांगते.